कुड्याची डहाळी

माझ्या आईला भेटायला मला तिकीट काढावं लागलं. डोंगराचं तिकीट. मोबाइलवर मिळतं, त्यात सकाळचा नाश्ता, पाण्याची बाटली आणि दोन गाइड येतात. लेकीनं ते काढून दिलं, आपले बूट दिले आणि वर तंबी दिली, “आई, तिथं जाऊन भांडू नको.” मी म्हटलं, मी कशाला भांडू? चंद्रपुरात मी खानावळ चालवते आणि भांडल्याशिवाय खानावळ चालत नाही, हे लेक लहानपणापासून पाहत आली आहे.

तो डोंगर माझ्या माहेरचा. शहरापासून फार लांब नाही, म्हणून तर शहरातल्या लोकांना तो सापडला. पायथ्याला आमचं गाव, गावाला लागून तलाव. आम्ही ढिवर. बाप तलावात जाळं टाकायचा, आई मासोळ्यांची पाटी डोक्यावर घेऊन बाजाराला जायची. उन्हाळ्यात तलाव आटला की गावातल्या साऱ्या बायांसारखी तीही डोंगरावर मोहफुलं वेचायला जायची. मी लहान होते, नुकती शाळेत जायला लागले होते. एका पहाटे ती अशीच गेली, मोहाखाली वाकून फुलं वेचत होती आणि वाघानं तिला नेलं. एवढंच सांगते. यापुढचं मी कोणालाच सांगत नाही.

आमच्याकडे असं माणूस जिथं गेलं, त्या जागेवरून जाणारा प्रत्येक जण हाताशी येईल त्या झाडाची एक डहाळी मोडतो, तिथं ठेवतो आणि पुढे चालू लागतो. पूजा नाही, नारळ नाही, पुजारी नाही. ओळखीचा असो की परका, डहाळी ठेवायचीच. ढीग पावसात कुजतो, पुन्हा वाढतो. बाप म्हणायचा, “तिले वाटलं पाह्यजे, लोक येऊन-जाऊन राह्यले. एकटी नाई पडली मी.” आणि डहाळी ठेवल्यावर मागं वळून पाहायचं नाही. पाहिलं तर गेलेलं माणूस उठतं आणि आपल्या मागं मागं घरी येतं म्हणतात. मोठ्यांना त्याचं भय वाटायचं. मला नाही वाटलं. बापाचं बोट धरून पहिल्यांदा गेले तेव्हा मी मुद्दाम मागं पाहिलं. चांगले डोळे फाडून पाहिलं, घर येईपर्यंत पुन्हा पुन्हा पाहिलं. कोणी आलं नाही. त्या दिवशी मला वाघापेक्षाही त्या रिकाम्या वाटेचा जास्त राग आला होता.

लग्नानंतरही मी दर वर्षी जात होते. बाप गेल्यावर एकटी जायची. मग पायथ्याला फाटक लागलं. गुरं बंद, सरपण बंद, मोह बंद, गावाला डोंगरच बंद. का, तर जंगल वाचवायचं. ठीक आहे. वाघ वाचवायचा, तेही ठीक. वाघावर माझा राग नाही, त्यानं त्याचं पोट भरलं. पण मग थोड्याच दिवसांत त्याच फाटकातून रंगीबेरंगी टोप्या घातलेली माणसं हसत-खिदळत आत जायला लागली, तेव्हा माझं डोकं फिरलं. मागच्या उन्हाळ्यात मी फाटकाशी गेले. चौकीदाराला म्हटलं, भाऊ, एक डहाळी ठेवून येते, सोडा.

“बाई, मले काऊन बोलून राह्यल्या? तिकीटवाल्यांलेच सोडाचा हुकूम आहे. तिकीट घेऊन या ना.”

त्याचं काय चुकलं? तो हुकमाचा ताबेदार. पण परत येताना मी ठरवलं, घेते तिकीट. मग पाहते कोण अडवतो.

दिवाळी होऊन गेली होती. गावाच्या बांध्यांमध्ये, धानाच्या शेतांत, कापणी चालली होती आणि मी, या गावची लेक, फाटकाशी शहरातल्या लोकांच्या रांगेत उभी होते. नागपूरचं एक कुटुंब होतं, कॉलेजातली पोरंपोरी होती, आणि पाचवारी पातळाखाली लेकीचे बूट घातलेली मी. पुढचा गाइड शहरातला. गळ्यात शिटी, बोलायला गोड, सगळ्यांना ‘मित्रहो’ म्हणायचा, म्हणून मीही मनात त्याचं नाव मित्रहोच ठेवलं. मागची गाइड बाई होती. चाळिशीची असेल, साडीवर हिरवं जाकीट. तिचं काम सगळ्यांच्या मागं चालायचं. कोणी मागं राहू नये, कोणी वाट सोडू नये.

मित्रहोंनी नियम सांगितले. वाट सोडायची नाही. पान, फूल, फांदी तोडायची नाही. डोंगरावर काहीही टाकायचं नाही. मी शहाण्यासारखी मान डोलावली. मला नेमकं हेच सगळं करायचं होतं.

चढ सुरू झाला आणि माझे गुडघे बोलायला लागले. हळूहळू मी रांगेत शेवटची झाले. माझ्यामागं फक्त हिरवं जाकीट. नागपूरच्या बाईंनी मागं वळून प्रेमानं म्हटलं, “काकू, तुम्ही खालीच थांबला असतात तरी चाललं असतं.” सरपणाचा भारा डोक्यावर घेऊन या चढावरून मी पळत उतरलेली आहे, हे त्यांना कुठून माहीत असणार! मी म्हटलं, “तुम्ही तुमचं पाहा.” लेकीचा शब्द मी इतका वेळ पाळला होता, पण आता माझं डोकं तापत चाललं होतं.

“मॅडम, चालत राहा. मॅडम, वाट सोडू नका,” मागून सारखं चालू होतं. त्या ‘मॅडम’नं मला भारी राग येत होता. माझ्या बोलीवरून हिला कळत नसेल का मी कुठली ते? मी विचारलं, “बाई, गाव कोन्तं तुमचं?”

“बोलण्यात दम जाते, मॅडम. चाला.”

घ्या! मी चालू लागले.

वळण आलं. मोहाची दोन झाडं आणि त्यांच्यामधला सपाट दगड मी लांबूनच ओळखला. जवळ गेले आणि पाहतच राहिले. ढीग नव्हता. जागा अंगणासारखी झाडून काढलेली. तिथं बसायला बाक टाकलेला आणि बाकाच्या मागं वाघाचं मोठं चित्र. पोरं त्या वाघाबरोबर फोटो काढत होती. माझ्या आईच्या जागेवर वाघाचं चित्र! मला रडू आलं नाही, मला तो बाक उचलून दरीत फेकावासा वाटला.

तेवढ्यात मित्रहोंनी शिटी वाजवून सगळ्यांना गोळा केलं आणि आवाज बारीक केला. “मित्रहो, आपण उभे आहोत ना, तिथं खूप वर्षांपूर्वी एक बाई लाकूड चोरायला जंगलात शिरली होती. ती वाकलेली होती. वाघाला वाटलं एखादं जनावर...” पोरींनी ‘बापरे’ केलं. नागपूरच्या बाईंनी आपल्या यजमानांचा हात धरला. कोणीतरी विचारलं, आत्ताही इथं वाघ आहे का? सगळ्यांना मजा येत होती.

“चोरायला नाही,” मी म्हटलं.

सगळे वळले. मित्रहो हसून म्हणाले, “काय म्हणालात ताई?”

“लाकूड चोरायला नाही. मोहफुलं वेचायला. आणि शिरली-बिरली नव्हती. तेव्हा इथं फाटक नव्हतं. डोंगर आमचाच होता.”

“तुम्हाला कसं माहीत?”

“माझी आई आहे ती.”

‘होती’ म्हणायचं होतं, पण तोंडातून ‘आहे’ गेलं आणि मी ते दुरुस्त केलं नाही. फोटो काढणारी पोरं बाकावरून उठून बाजूला झाली. मित्रहोंचा चेहरा पडला. मनुष्य वाईट नव्हता. त्यानं मनापासून माफी मागितली; मला असंच सांगायला शिकवलंय, म्हणाला. मी विचारलं, इथं डहाळ्यांचा ढीग होता, त्याचं काय केलं?

“तो होय? काडीकचरा होता हो. आग लागायचं भय, म्हणून वाट केली तेव्हा साफ केला.”

“कोणी?”

हिरव्या जाकिटाची बाई खाली पाहत म्हणाली, “मी झाडलं, मॅडम. झाडा म्हणाले तं झाडलं.”

मी तिच्याकडे पाहिलं. माझ्यासारखीच पोटासाठी हात चालवणारी बाई. मी वळले, वाट सोडून बाजूच्या कुड्याच्या झाडाशी गेले आणि फांदीला हात घातला.

“मॅडम, नका!” ती धावत आली आणि हलक्या आवाजात म्हणाली, “माह्यं काम जाईन. मांगच्या लोकायवर नजर ठेवाचं काम माह्यंच आहे.”

माझा हात थांबला. खरंच थांबला. तिचं काम घालवून आईला काय सांगणार होते मी? म्हणून मी आवाज चढवला, खानावळीत पाणी मागवताना चढवते तसा. “सगळ्यांनी ऐका. या बाईंनी मला अडवलं. त्यांचा काही दोष नाही. नियम मी मोडते आहे, माझ्या मर्जीनं. ज्याला सांगायचं असेल त्याला खुशाल सांगा.”

मित्रहो पुढं आले. “ताई, भावना समजतात मला. पण आज तुम्ही तोडली की उद्या वीस जण तोडतील.”

“तोडू द्या की. अख्खं गाव तोडत होतं इतकी वर्षं. झाडं उभीच आहेत ना? नसती तर तुम्ही तिकीट कशाचं लावलं असतं?”

“मला वर कळवावं लागेल. तुम्हाला पुन्हा तिकीट मिळणार नाही.”

हे मात्र लागलं. पुन्हा नाही म्हणजे कधीच नाही. एवढा खटाटोप करून आले ती याच एका वाटेनं, आणि तीही आज बंद होणार. क्षणभर वाटलं, खाली मान घालावी, माफी मागावी, पुढच्या वर्षी तरी येता येईल. पण येऊन काय करायचं? त्या बाकावर बसून वाघाचं चित्र पाहायचं? आईजवळ हात हलवत उभं राहायचं?

“कळवा,” मी म्हटलं आणि डहाळी मोडली.

कुडा कट्‌कन मोडतो आणि मोडला की दूध येतं. हात चिकट झाला. मी दगडाजवळ वाकले, डहाळी ठेवली. एवढ्या झाडलेल्या जागेत ती एकटी डहाळी फार लहान दिसत होती. मनात म्हटलं, आई, उशीर झाला. तू चोर नव्हतीस, ते सांगितलं मी सगळ्यांना.

मित्रहोंनी शिटी वाजवली. “चला, पुढं चला.” रांग निघाली. कोणी डहाळी उचलली नाही. एका पोरीनं जाता जाता माझ्या खांद्याला हात लावला आणि ती पुढं गेली. मित्रहो वळणाआड दिसेनासे झाले. मी शेवटी निघाले. मागून येणारी आता फक्त ती एकच.

थोडी चालले असेन. तिची पावलं वाजत नव्हती. ‘चालत राहा’ नाही, ‘वाट सोडू नका’ नाही. मला वाटलं, झाडून टाकते आहे बहुतेक. तिचं कामच ते.

मागं कट्‌कन आवाज आला.

मी जागच्या जागी उभी राहिले. मान वळायलाच लागली होती, तेवढ्यात तिचा आवाज आला, अगदी साधा, बांधीतल्या बाईनं बांधीतल्या बाईला सांगावं तसा.

“मांगं पाहू नका, बाई.”

लहानपणी मी पाहिलं होतं. या खेपेला नाही पाहिलं.