तेरवीनंतरची शेगडी

नवरा गेला त्यानंतरच्या हिवाळ्यात मी समुपदेशनाच्या वर्गाला जायला लागले. कोणी विचारलं तर वेळ जात नाही म्हणून, असं सांगायचे. आमच्या स्टील प्लांटच्या वसाहतीत, सेक्टर 10 मधल्या एका सभागृहात रविवारी वर्ग भरायचा. शिकवणाऱ्या मॅडम रायपूरहून यायच्या आणि हिंदीत शिकवायच्या. दुःखातल्या माणसाच्या अगदी समोर बसू नका, थोडं तिरपं बसा. सल्ला देऊ नका. तो जे बोलेल त्यातली भावना ओळखा आणि ती त्याला परत द्या. तो गप्प बसला तर तुम्हीही बसा. आणि काहीही झालं तरी आपली कहाणी मध्ये आणू नका.

आम्ही जोड्या करून सराव करायचो. माझ्या गप्प बसण्याचं कौतुक व्हायचं. "आप बहुत अच्छा सुनती हैं," मॅडम म्हणायच्या. शाळेच्या ग्रंथालयात आयुष्य काढलेल्या बाईला गप्प बसणं वेगळं शिकावं लागत नाही. त्यात घरात मराठी बोलायला कोणी उरलं नव्हतं. मुलगा बंगळुरूहून फोन करतो तो हिंदीतच सुरू करतो. लोकांना जे ऐकणं वाटायचं, ते खरं तर माझ्याकडे बोलण्यासारखं काही नसणं होतं. वर्गात मी हे सांगितलं नाही.

शिकण्याचा भाग म्हणून प्रत्येकाला एक घर दिलं होतं. मला जवळच्या मरोदा वस्तीतलं मिळालं, कारण तिथली बाई मराठी बोलायची. मूळची भंडाऱ्याकडची. मी तिला मावशी म्हणायचे आणि तिच्या नवऱ्याला काका. नवरा प्लांटच्या कोक ओव्हनमधून रिटायर झालेला. एकुलता एक मुलगा रसमड्याच्या एका कारखान्यात कामाला होता. पहाटे शिफ्टला जाताना मोटरसायकल घसरली आणि तो रस्त्यातच गेला.

आमच्या लोकांत मरण झालेल्या घरात चूल पेटवत नाहीत. शेजारीपाजारी जेवणाचे डबे आणतात. मग तेरवी होते, कोणी जवळचं माणूस पुढे होऊन शेगडी पेटवतं आणि घर पुन्हा घर होतं. या घरी तेरवी होऊन महिने झाले होते आणि शेगडी पेटलेली नव्हती. जो पुढे होईल त्याला मावशी उठवून लावायची. भावजय भंडाऱ्याहून आली होती, तिलाही तसंच परत पाठवलं. शेजारणींनी बरेच दिवस डबे दिले, नंतर ते कमी होत गेले. आता काका चौकातल्या टपरीवरून पोहे नाहीतर समोसे आणायचे.

पहिल्याच दिवशी काकांनी मला फाटकाशी गाठलं. "ताई, कोक ओव्हनची भट्टी एकदा पेटली का कोणी विझू देत नाही. साऱ्या जिंदगीत मी ती थंडी पडलेली पाहिली नाही. अन् घरची शेगडी पेटून नाही राहिली." मग त्यांनी पायजमा वर करून सुजलेले पाय दाखवले. "मले शुगर आहे. डॉक्टर म्हणते बाहेरचं बंद करा. हिले काही सांगा तुमी."

सांगायचं नव्हतं, ऐकायचं होतं. मी आत जाऊन तिरपी बसले. मावशी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसायची, शेगडीकडे पाठ करून. शेगडीवर वर्तमानपत्र अंथरलं होतं आणि त्यावर धूळ होती. मी दर आठवड्याला जायचे. ती म्हणायची, "करमत नाही." मी म्हणायचे, "तुम्हाला करमत नाही." ती म्हणायची, "हात उचलत नाही." मी म्हणायचे, "हातच उचलवत नाही." मग आम्ही दोघी गप्प. बाहेर काका खोकायचे.

एका दुपारी तिनं माझ्याकडे नीट पाहिलं.

"बाई, तुमी मास्तरीण होत्या का?"

"लायब्ररीत होते."

"मंग असंच. मी बोलतो तेच मले परत देऊन राहिल्या. पुस्तक दिल्यासारखं."

बाहेरून काका म्हणाले, "अवो, शिकून आल्या त्या."

"शिकून आल्या म्हणून तं. न शिकलेलीनं आतापर्यंत दोन शिव्या दिल्या असत्या मले."

मला हसू आलं. तीही जराशी हसली, आणि तिचा चेहरा लगेच मिटला. मग तीच बोलली. त्या पहाटे तिनं याच शेगडीवर डबा केला होता. चपात्या आणि वांग्याची भाजी. दवाखान्यातून त्याचं सामान घरी आलं, त्यात डबा होता. झाकणसुद्धा निघालं नव्हतं. "मीच धुतला तो. अन्न टाकलं गाईले. आता पेटवू तं कोणासाठी पेटवू, सांगा."

या प्रश्नातली भावना ओळखून तिला परत द्यायची होती. मला ती ओळखता येत होती, पण परत देता येईना.

"अन् तुमची कोणं पेटवली?" माझ्या मोकळ्या गळ्याकडे पाहत तिनं विचारलं.

आपली कहाणी मध्ये आणायची नाही, हे मला आठवत होतं. तरी मी सांगितलं. हे गेले त्या संध्याकाळी यांच्या शिफ्टचे लोक रोलिंग मिलमधून सरळ आमच्याकडे आले. हेल्मेट हातात धरून दारात उभे राहिले. ते लोक आले की चहा ठेवायचा, ही इतक्या वर्षांची सवय. मी उठले आणि चहा ठेवला. कोणीतरी म्हणालं, अहो, आज चहा? तोवर पाणी उकळलं होतं. सगळ्यांनी खाली मान घालून तो प्यायला. माझी शेगडी विझलीच नाही, त्यामुळे ती पेटवायला कोणी आलंही नाही. तेरवी झाली, लोक गेले, आणि घर पुन्हा सुरू झालं असं मला कोणी सांगितलंच नाही. मी अजून त्याच संध्याकाळचा चहा करते आहे, असं वाटतं.

मावशीनं माझं बोलणं मला परत दिलं नाही. ती उंबऱ्याला हात टेकून उठली आणि शेगडीवरचं वर्तमानपत्र काढलं. लायटर चालेना. काका देवाजवळची माचिस घेऊन आले आणि दारातच थांबले, आत आले नाहीत. ज्योत आधी पिवळी आली, फडफडली, मग निळी झाली. घरात दूध नव्हतं, म्हणून कोराच चहा झाला. पहिला कप तिनं माझ्या हातात दिला.

"घ्या. आज तुमी नका करू."

काकांनी बिनसाखरेचा प्यायला. मग तिनं बटण फिरवलं आणि म्हणाली, "आज एवढंच."

रविवारी वर्गात मॅडमनी विचारलं, भेट कशी झाली. मी गप्प राहिले आणि त्यांनी समजुतीनं मान हलवली.

पुढच्या आठवड्यात गेले तेव्हा मावशी त्याच उंबऱ्यावर बसली होती, पाठ शेगडीकडेच. कालपर्यंत पोहेच आणत होतो, काका म्हणाले. पण शेगडीवर वर्तमानपत्र नव्हतं. एका बर्नरभोवती दूध उतू गेल्याचा डाग होता, करपलेला. तो कोणी पुसला नव्हता. मीही त्याबद्दल काही विचारलं नाही. तिच्याशेजारी उंबऱ्यावरच बसले, तिरपी नाही.