मुक्या फुलाची बाई

वाटी मंगलाच्या ओठाला लागली, एक घोट आत गेला, आणि मी दारातूनच ओरडले, "थुंक! बिट्टी आहे ती! पिवळी कण्हेर!"

मंगला माझी सून. काविळीने तिचे डोळे हळदीच्या पाण्यासारखे झाले होते. वाटी धरणारी बाई बाजारात माझ्या शेजारी फुलं विकायची. तिने माझ्याकडे पाहिलं. चिडली नाही, घाबरली नाही. मंगलाच्या तोंडाची वाटी काढून तिने स्वतःच्या तोंडाला लावली आणि ताक प्यावं तशी रिकामी केली.

"आते बठ्ठं मन्हं," ती म्हणाली. म्हणजे, आता सगळं माझं.

ही बाई मला कधीच आवडली नाही, ते आधीच सांगते. अशा बाया तुम्हीही पाहिल्या असतील. बोलत नाहीत, आणि लोक त्यालाच ज्ञान समजतात.

ती दोंडाईचाकडून जळगावात आली आणि माझ्या गोणपाटाला गोणपाट लावून बसली. मी हार ओवायची, ती सुटी फुलं विकायची. गिऱ्हाइकाच्या हातात पुडी दिली की पदराला हात पुसायचा आणि हळूच म्हणायचं, "मरनं."

माणूस देवाला फूल नेतोय आणि ही म्हणते, मेलं!

"अगं, धंद्यावर बसून काय अभद्र बोलतेस?" मी एकदा झापलं.

"इकेल फूल मरेल शे, अक्का. जितं फूल येगळं ऱ्हास."

"मग मेलेली विकतेस कशाला?"

"पोटले लागस ना."

दुपारी बाजार पेंगायला लागला की तिच्याकडे बाया यायच्या. कुणी शिकलेली, कुणी मोलमजुरीची. एकीच्याही केसात फूल नसायचं. पदराच्या टोकाला मात्र गाठ, आणि गाठीत वाळकं फूल. त्या एकमेकींची गाठ चाचपून बघायच्या आणि मेहरूण तलावाच्या अंगाला निघून जायच्या. लोक त्यांना मुक्या फुलाच्या बाया म्हणत. मी किती वेळा विचारलं, "काय करता गं तिकडे?" एकच उत्तर, "ते सांगाचं नई."

तरी शेजारी बसून काही कळतंच. फुलाने दुखणं ओढायचं, ही त्यांची विद्या. विकलेलं फूल चालत नाही. लाल दुखण्याला लाल, पिवळ्याला पिवळं. आणि फूल कामाला लागलं की त्याचं नाव कुणी घ्यायचं नाही. घेतलं तर फूल आजाऱ्यावर उलटतं. मग ज्या बाईने दिलं, तिने ते आपल्या पोटात घ्यायचं. घेतलं की ओकायचं नाही.

एकदा तिने एका पोरीच्या अंगावरच्या पुरळाला जास्वंदीचं पाणी आणलं. पोरीची आई भोळी. म्हणाली, "अय्या, जास्वंद!" ही लगेच भांडं उचलून गटागट प्यायली. आम्ही आजूबाजूच्या हसून लोळलो. मी दिवसभर विचारत होते, "काय गं, पोटात कळी धरली का?" ती पुड्या बांधत राहिली. तिला मस्करी कळायची नाही, हा आणखी एक दोष.

आणखी एक सांगते, नाहीतर म्हणाल म्हातारीने लपवलं. गुलबास संध्याकाळी उमलते. भर दुपारी तिने एक मिटलेली कळी तळहातावर ठेवली आणि तिच्याकडे नुसतं बघत राहिली. कळी उमलली, मिटली, पुन्हा उमलली. मी पाहिलं. पाहिलं म्हणून मानलंच पाहिजे असं नाही.

मंगलाला कावीळ झाली ती मे महिन्यात. दवाखान्याचं औषध चालू होतं, पण तिला धीर नव्हता. माझ्या माघारी तिने या बाईला घरी बोलावलं. काविळीला ही एरवी आपल्या कुंडीतली शेवंती द्यायची. त्याने कुणाचं वाईट झालेलं मी ऐकलं नाही. पण मे महिन्यात कुंडीत शेवंती कुठली? बाजारातलं पिवळं सगळं ट्रकमधून आलेलं, विकलेलं, तिच्या लेखी मेलेलं. न विकलेलं पिवळं फूल आमच्या गल्लीत एकाच झाडावर होतं. पाण्याच्या टाकीजवळची बिट्टी.

ऊन सोसेना म्हणून मी दुपारीच घरी आले. ओट्यावर पिवळी फुलं सांडलेली दिसली. बोदवडला माझ्या माहेरी कुंपणाला बिट्टी होती. आमची गाभण शेळी ती खाऊन अंगणात पाय झाडत मेली, ते मी लहानपणी पाहिलंय. म्हणून ओरडले. त्यांचा नियम मला माहीत होता. ओरडताना आठवला नाही. आठवला असता तरी ओरडले असते.

रिक्षात मी मधे, दोघी दोन बाजूंना. मंगलाच्या घशात बोट घातलं, ती माझ्या लुगड्यावर ओकली. मग दुसरीकडे वळले.

"तोंड उघड."

तिने मान हलवली.

"कुणासाठी धरून ठेवतेस? उघड!"

"तू नाव लिधं ना, अक्का. सोडसू ते तिन्हावर जाई." म्हणजे, ओकलं तर हिच्यावर उलटेल. तिने डोळ्यांनी मंगला दाखवली.

मी तिचा जबडा दाबून बोट आत घातलं. ती कडकडून चावली. रिक्षावाला म्हणाला, "आजी, भांडण नंतर करा." मी त्याला शिवी दिली आणि गाडी पळव म्हटलं.

सरकारी दवाखान्यात डॉक्टरने तिला विचारलं, "बाई, काय प्यायलात?" तिने ओठ घट्ट मिटले. तिच्या पंथाच्या बाया तोवर आल्या होत्या. त्या भिंतीला टेकून माझ्याकडे खाऊ का गिळू अशा बघत होत्या. त्याही बोलल्या नाहीत. दोघींसाठी मीच सांगितलं. पुन्हा मोठ्याने सांगितलं. "बिट्टी. एकीने घोटभर, एकीने वाटीभर."

तिला आत नेताना तिच्या पदराची गाठ सुटली आणि वाळकी शेवंती फरशीवर पडली. कुणी उचलली नाही. मीही नाही.

बाजारात तिच्या जागेवर आता एक माणूस प्लास्टिकची फुलं विकतो. माझ्या बोटावर तिच्या दातांची खूण आहे. हार ओवताना सुई तिथे अडकते.

मंगला जगली. ती नाही.