विहीणबाईची पात

विहीणबाईने माझा हात सोडला तेव्हा पाणी माझ्या छातीला लागलं होतं. माझ्या टोपीवरचा दिवा बुडून विझला होता, तिच्या टोपीवरचा पिवळा पडत चालला होता. तिचा उजवा पाय पाण्याखाली दोन दगडांच्या फटीत बुटासकट अडकला होता.

"तुम्ही निघा," ती म्हणाली. "दोघी कायले मरता?"

"चूप बस," मी म्हटलं.

सात वर्षांच्या सोयरिकीत मी तिला पहिल्यांदा एकेरीत बोलले.

ही माझ्या मुलाची सासू. ती आर्वीची, दवाखान्यात नर्स होती, आता रिटायर झाली. मी वर्ध्याजवळ पिपरी मेघेला मुलाजवळ राहते. माझं शिक्षण चौथी. लग्नानंतर गुडघे चालले तोवर मी लोकांच्या शेतात निंदण केलं आणि कापूस वेचला. आम्हा दोघींचं भांडण असं कधी झालं नाही, पण पटलंही नाही. ती माझ्या घरी आली की आधी हात धुते, मग मला हात धुवायला सांगते.

सुनेचे वडील वारले त्याला वर्ष होत आलं होतं. सून म्हणाली, दोघी आयांना कुठंतरी फिरवून आणू. छत्तीसगडच्या जंगलात एक गुहा आहे, तिच्यात जमिनीखालून नदी वाहते, ती मुलाने मोबाइलवर पाहिली होती. पावसाळा लागला की गुहा बंद करतात. बंद व्हायला चार-पाच दिवस राहिले होते.

मी म्हटलं, "जमिनीखाली कायले आतापासून? तिथं तं जाच लागते."

"आई, परत येता येते तिथून," मुलगा म्हणाला.

म्हणून गेले.

गुहेच्या तोंडाशी सगळ्यांना दिवा लावलेल्या टोप्या दिल्या. आमच्याबरोबर नागपूरचं एक नवरा-बायकोचं जोडपं होतं. ती दोघं, आम्ही चौघं आणि गाइड, असे सात जण. गाइड तिथल्याच गावचा, चाळिशीचा, बारीक अंगाचा माणूस. तो हिंदी बोलायचा. आत नेण्याआधी त्याने सगळं समजावून सांगितलं. खाण्याचं काही किंवा तंबाखू आत न्यायची नाही. चपला नकोत, एकतर घट्ट बूट, नाहीतर अनवाणी. मागच्याने पुढच्यावर नजर ठेवायची. आणि कोणी मागे राहिलंच तर त्याने जिथे असेल तिथेच बसून राहायचं.

"मैं आऊँगा लेने," तो म्हणाला. "दूसरा कोई नहीं आएगा."

मी कमरेची चंची पदराखाली सरकवली. विहीणबाईने ते पाहिलं आणि सगळ्यांसमोर मोठ्याने म्हणाली, "विहीणबाई, तेवढी तंबाखू काढा. नाईतर इथंच अडकू आपण. किती वेळा सांगतलं, तोंडाचा कॅन्सर होते त्यानं."

नागपूरची बाई हसली. गाइडने हात पुढे केला. मी तंबाखूची डबी आणि सुपारी काढून दिली. चंचीत अडकित्ता होता, तो काही खायचा नव्हता, तो दिला नाही. पण राग आला. म्हातारपणी चारचौघांत झडती व्हावी हे मला आवडलं नाही.

चपला काढून मी अनवाणी झाले. तिने नवेकोरे बूट घातले होते, लाल नाडीचे, दोन-दोन गाठी मारलेले. मी म्हटलं, "काढा ते. ओल्या दगडावर पायाची बोटंच कामी येतात."

"मी अनवाणी चालत नाई," ती म्हणाली. "पायात काय घुसन सांगता येते का?"

लोखंडी जिन्याने आम्ही खाली उतरलो. खाली एक मोठी जागा होती, आमच्या विहारात दोनशे माणसं बसतात तेवढी. तिच्या मधून नदी वाहत होती. नदी म्हणजे घोट्याएवढं पाणी, स्वच्छ, थंड. पुढे वाट अरुंद झाली. एका वेळी एकच माणूस जाईल अशी, आणि छप्पर इतकं खाली की वाकून चालावं लागलं. ती चार-पाच बैलगाड्यांएवढी लांब असेल. ती संपली की दुसरी मोठी जागा. तिथे पाणी गुडघ्याला आलं.

छपरातून दगड लोंबत होते, खालीही मोठमोठे दगड उभे होते. गाइड बॅटरी मारून दाखवायचा. हे शंकरजी, हा हत्ती, ही मगर. नागपूरच्या बाईने शंकरजीला हात जोडले.

"तुमाले काय दिसते?" विहीणबाईने मला विचारलं.

"दगड," मी म्हटलं.

पाण्यात पांढुरके मासे होते. अंधारात राहून त्यांचे डोळे गेले, असं गाइडने सांगितलं. मला ते मासे तेवढे आवडले. बाकी सगळं ओलं होतं आणि वाघळांच्या घाणीचा वास येत होता.

मग माझ्या पायाला पान लागलं. ओलं, हिरवं, झाडावरून नुकतं तुटलेलं. मी खाली पाहिलं तर पाणी गढूळ झालं होतं. आमच्या जुन्या गावच्या नाल्याचंही असंच व्हायचं. आपल्या डोक्यावर कडक ऊन असतं, पाऊस वरच्या गावात पडलेला असतो, आणि आधी पानं-काड्या येतात, मग पाण्याचा रंग बदलतो, मग पूर येतो. नाला ओलांडताना बाया अशाच गेल्या आहेत.

मी ते पान गाइडला दाखवलं. त्याने पाण्यावर बॅटरी मारली आणि शंकरजी-मगर सगळं सोडून दिलं.

"चलो, वापस. जल्दी. कोई रुकेगा नहीं."

परत निघताना त्याने रांग लावली. तो पुढे, मग जोडपं, मग मुलगा, सून, विहीणबाई आणि शेवटी मी. "अम्मा, आप सबके पीछे," तो मला म्हणाला. "आगेवाली को देखना." मी अनवाणी होते, माझा पाय घसरत नव्हता, म्हणून त्याने मला शेवटी ठेवलं. मी हो म्हटलं.

अरुंद वाटेच्या अलीकडे विहीणबाई थांबली. तिला दम लागला होता. तिने भिंतीला हात टेकवला.

"चाला," मी म्हटलं.

"दम तं खाऊ द्या. बीपी आहे मले."

"खा मग. दुसऱ्याईले शिकवाले लय दम राह्यते तुमच्यात."

असं म्हणून मी तिच्या बाजूने पुढे गेले. तंबाखूचा राग होता, दुसरं काही नाही. वाटलं, येईल मागून. मी वाकून भराभर चालले आणि सुनेला गाठलं. सून मागे वळली नाही. मागून कोणाच्या तरी पायांचा आवाज येतो आहे एवढं तिला पुरे होतं.

पलीकडे मोठ्या जागेत आलो तर मघाचं घोट्याचं पाणी गुडघ्यावर आलेलं. गाइडने जिन्याशी उभं राहून बॅटरीने एकेकाचं तोंड पाहिलं.

"एक कम है," तो म्हणाला.

"मम्मी!" सून ओरडली. "आई, मम्मी तुमच्या पुढं होती ना?"

मुलगा परत जायला निघाला, गाइडने त्याचा हात धरला. आधी सगळे वर चढा, मग मी एकटा जातो, असं तो ओरडून सांगत होता. सून चढायला तयार नव्हती. नागपूरची बाई जिन्यावर मधेच रडत बसली, त्यामुळे कोणालाच वर जाता येईना. त्या गडबडीत मी फिरले.

हे मला नंतर पुष्कळांनी विचारलं. गाइडने सांगितलं होतं, दुसऱ्या कोणी जायचं नाही, मग तू का गेलीस? शेतात बाया एका रांगेने लागतात, प्रत्येकीची आपली पात असते, म्हणजे निंदायची पट्टी. जिची पात आधी संपते ती धुऱ्याला म्हणजे बांधाला पोचून बसत नाही. ती फिरते आणि मागे राहिलेलीच्या पातीला समोरून लागते. दोघी मधे कुठंतरी भेटतात आणि मग सगळ्या बरोबर सुटतात. मी जन्मभर तेच केलं होतं. मी शूर नाही. पाय आपसूक फिरले, एवढंच. गुहेत तसं करायचं नसतं हे मला कळायला हवं होतं.

अरुंद वाटेत पाणी कमरेच्या वर होतं आणि समोरून जोर करत होतं. भिंतीला दोन्ही हात लावून गेले. ती वाटेच्या पलीकडच्या तोंडाशीच होती. माझ्या मागून निघाली आणि दोन पावलांत पाय फटीत गेला, असं ती म्हणाली. हाका मारल्या, पण पाण्याच्या आवाजात कोणाला ऐकू गेल्या नाहीत.

मी तिचा हात धरून ओढलं. पाय निघाला नाही. मी खाली बुडून चाचपलं, तेव्हा माझा दिवा विझला. बूट दगडात पाचरीसारखा बसला होता आणि नाडीच्या गाठी भिजून टणक झाल्या होत्या. वर येऊन पुन्हा तिचा हात धरला. तेव्हाच तिने तो सोडला आणि निघा म्हणाली.

"चूप बस," मी म्हटलं. "तुह्या पोरीले काय सांगू?"

"सांगजो, पाय अडकला होता."

"आन् मी काऊन पुढं गेलती, ते कोण सांगन?"

तिने पाण्याखाली पाय पुन्हा हिसडला.

तेव्हा मला चंचीतला अडकित्ता आठवला. मला पोहता येत नाही, पण डोकं पाण्याखाली घालायला पोहणं यावं लागत नाही. श्वास धरून खाली गेले, नाडी अडकित्त्यात धरली आणि दाबली. दोनदा वर आले. तिसऱ्यांदा नाड्या तुटल्या. ती माझ्या पाठीवर भार देऊन पाय उपसत होती. पाय निघाला, बूट तिथेच राहिला. घोट्याची कातडी निघाली होती.

आता अरुंद वाटेत छपरापर्यंत वीतभरच जागा उरली होती. त्या वाटेने आम्ही दोघी गेलो असतो तर मेलोच असतो. आतल्या मोठ्या जागेत, गाइडने ज्याला हत्ती म्हटलं होतं, तो दगड उंच होता. त्यावर चढलो. मी आधी चढले आणि तिला पदराने ओढलं. थोड्या वेळाने तिचाही दिवा गेला.

अंधारात तिने माझं मनगट धरलं. मला वाटलं भीतीने धरलं. ती नाडी मोजत होती.

"ठीक आहे," ती म्हणाली. मग विचारलं, "पुढं काऊन गेल्या तुम्ही?"

"राग आलता."

"तंबाखूचा?"

"हो."

"एवढ्यासाठी?"

"हो, एवढ्यासाठीच."

तिने अंधारात आपला सोललेला घोटा चाचपला. मग म्हणाली, "बूट काढा म्हणलं होतं तुम्ही."

मग पाण्यात उजेड दिसला. गाइड होता. कमरेला दोरी बांधून तो त्या वाटेतून आला होता, जवळजवळ पाण्याखालून. त्याचा डावा हात लोंबत होता, पाण्याने त्याला भिंतीवर आदळलं होतं. वर चढल्यावर त्याने आधी आम्हाला मोजलं.

"दो," तो म्हणाला. मग माझ्यावर ओरडला. मी गेले म्हणून मुलगाही माझ्यामागे येऊ लागला होता. त्याला धरून जिन्यावर चढवण्यात गाइडचा वेळ गेला. तेवढ्या वेळात पाणी वाढलं. मी जागची हलले नसते तर तो वाट बुडण्याआधी पोचला असता आणि त्याचा हातही शाबूत राहिला असता. त्याच्याजवळ सुरी होती. हे सगळं त्याने हिंदीत सांगितलं आणि ते खरं होतं. मी ऐकून घेतलं.

विहीणबाईने त्याचा हात चाचपला. "मनगट मोडलं," ती म्हणाली. मी पदराची पट्टी फाडून दिली. तिने गाइडच्या टोपीतली जाड प्लॅस्टिकची पट्टी काढून अंदाजाने हात बांधला. ती तिच्या कामात चांगली असणार, हे मला तेव्हा कळलं.

पाणी आमच्या पायापर्यंत आलं आणि तिथे थांबलं. तीन तास बसलो असू. थंडीने दात वाजत होते. गाइड अधूनमधून बॅटरी लावून दगडावरची ओली रेघ पाहायचा. रेघ पाण्याच्या वर दिसायला लागली तेव्हा तो म्हणाला, उतरतंय. आणखी बसलो. मग पाणी कमरेला आल्यावर दोरी धरून निघालो. या वेळी गाइडने विहीणबाईला मधे घेतलं आणि मी शेवटी राहिले. मी पूर्ण वाटभर तिच्या पाठीला हात लावून चालले.

वर आलो तेव्हा दिवस मावळायला टेकला होता. सुनेने आधी आईला धरलं, मग माझ्या गळ्यात पडली. "आई, तुम्ही होत्या म्हणून मम्मी वाचली," ती रडत म्हणाली.

विहीणबाईने माझ्याकडे पाहून हळूच नाही अशी मान हलवली. तिला ते तसंच राहू द्यायचं होतं.

मी सुनेला म्हटलं, "मी मागं राह्यली असती तं तुही माय अडकलीच नसती. मले मागं राह्याले सांगतलं होतं. मी रागानं पुढं आली."

सुनेने हात काढून घेतला. वर्ध्याला येईपर्यंत ती माझ्याशी बोलली नाही, आणि घरी आल्यावरही बरेच दिवस कामापुरतंच बोलायची. ते बरोबरच होतं.

गाइडचं मनगट जुळलं, पण त्या हाताने आता तो जड काही उचलत नाही. मुलगा त्याला फोन करतो. विहीणबाई आर्वीला आहे, घोट्यावर डाग राहिला आहे. घरी आली की अजूनही मला हात धुवायला सांगते. मी धुते. आम्ही सात जण आत गेलो होतो. सातही जिवंत आहोत.