वासराचे चार पाय

ओल्या डिंकाच्या वासात फेब्रुवारीचं कोवळं ऊन मिसळलं, की इंदिरानगरातली माझी खोली एखाद्या सणाच्या सकाळीसारखी भासू लागते. खाली रस्त्यावर गुलाबी फुलांचा सडा, आणि टेबलावर मखमलीचे, काथ्याचे, सुतळीचे तुकडे. मुलांच्या पुस्तकांत चित्रं काढता काढता माझं अर्धं आयुष्य रंगांत भिजून गेलं. पण या वेळी प्रकाशकांना हवं होतं ते दृष्टिहीन मुलांनी बोटांनी वाचायचं पुस्तक. रंगांविना चित्र, या कल्पनेनंच मी थरारून गेले होते.

गोष्ट होती हरवलेल्या वासराची. ते मी मखमलीतून कातरलं, कडेनं जाड दोरा शिवला आणि पहिलं पान आणि कात्री-डिंकाची पिशवी घेऊन यशवंतपूरला मावसबहिणीकडे गेले. तिची मुलगी वैदेही, तिला जन्मापासून दिसत नाही. तिच्या बोटांना पटल्याशिवाय पुस्तक छापायला पाठवायचं नाही, असं मी मनाशी पक्कं केलं होतं.

तिची बोटं पाठीच्या वळणावरून सरकत पोटाखाली उतरली आणि थबकली.

“मावशी, याला दोनच पाय?”

“बाजूनं पाहिलं की दोनच दिसतात गं. पलीकडचे त्यांच्यामागे लपतात.”

“लपतात कशाला? मी हात लावते तेव्हा चारही असतात की!”

माझ्या अंगभर हर्षाची एक शिरशिरी धावत गेली. एका रेषेआड दुसरी झाकायची, जवळचं मोठं आणि दूरचं लहान करायचं, ही हाडीमासी मुरलेली माझी सगळी विद्या म्हणजे केवळ डोळ्यांची सोय होती तर! तिथेच, फरशीवर बसून, मी शिवण उसवली आणि चार नवे पाय कातरून चारी अंगांना मोकळे सोडले. वैदेही अधीरपणे गुडघ्याला गुडघा लावून बसलेली. “स्वल्प, जरा थांब,” मी म्हणेपर्यंत तिचा हात ओल्या डिंकावर पडलादेखील.

“सरी!” तिनं कानडीत पसंती दिली. “आता पळेल हे.”

मग तिला स्वतःचं वासरू करायचं होतं. उरलेले तुकडे मी तिच्यापुढे सरकवले. तिनं इवलंसं अंग चिकटवलं आणि त्यापुढे, अंगाहूनही लांब, काथ्याची एक पट्टी.

“ही जीभ. शेजारचं वासरू चाटतं ना, हाताला कशी खरखरते!”

परतताना मेट्रोत वैदेहीचं ते वासरू माझ्या मांडीवर होतं. इतकी वर्षं मी किती प्राणी काढले, पण सारे थोडे दूर उभे राहून. कुणी चाटू शकणार नाही इतक्या अंतरावरून. समोरची बाई कुतूहलानं पाहत होती. मी डोळे मिटले आणि त्या जिभेवर तळहात ठेवला.