उंबऱ्याशी अडलेले मामंजी

माझं लग्न घाईत लागलं, त्याला कारण मामंजींचा उजवा हात. एकोणीसशे पंचवीस सालाच्या पुढेमागे तो आपोआप हलायला लागला आणि त्यांना गिरणीतलं काम सोडावं लागलं. नात्यागोत्यात बातमी फिरली, "ह्यो गडी काय लई दिस काढत न्हाय." त्यांच्या डोळ्यांदेखत लेकाच्या डोक्यावर अक्षता पडाव्यात म्हणून माणसं आमच्या मंगळवेढ्याला धावली. मांडवात वऱ्हाड नवरा-नवरी सोडून सासऱ्याच्या हाताकडे बघत होतं. नवरी मी, आणि मिरवतोय त्यांचा हात! मला चांगलाच राग आला होता.

सोलापूरला सासरच्या दोन खोल्यांत आल्यागेल्यांचा आवाज दबलेला असायचा. सासूबाईंचा मात्र खणखणीत. त्यांनी वैद्यांना घरी बोलावून सरळच विचारलं, "किती वर्सं ऱ्हातील ह्ये? काय असंल ते सांगून टाका की."

वैद्य बराच वेळ नाडी धरून बसले. "कंपवात आहे. हा लवकर मारत नाही आणि पाठही सोडत नाही. म्हातारे होतील तुमचे मालक. होईल तेवढं चालतंफिरतं ठेवा, म्हणजे झालं."

सासूबाईंनी देवापुढे साखर ठेवली. वैद्य गेल्यावर मामंजी त्यांना म्हणाले, "मरणाचं भ्या न्हाय मला. पर आंथरुणाला खिळवू नगंस."

त्या घरातले दिवस आठवले की अजून जीव तिकडे ओढ घेतो. पहाटे गिरणीचा भोंगा झाला की मामंजी सवयीनं उठून बसत. सासूबाई त्यांना अर्धाच कप चहा देत. बाकीचा अर्धा बशीत सांडणार हे ठरलेलंच. "चा तुमी पिताय का तुमचा हात?" असं वर विचारीत. मामंजींचा चेहरा तोवर थिजल्यासारखा झाला होता. ते थट्टा करीत, पण ओठ हलेनात, डोळे हसेनात. नवा माणूस बिचारा चक्रावून जाई. भाकरी दुधात कुस्करून द्यावी लागे, तरी वर शेंगाचटणी हवीच.

हाताचं कुणाला काही वाटेनासं झालं. पाय अडकायला लागले तेव्हा मात्र घर घाबरलं. खोलीत ते बरे चालत, पण उंबरा आला की पाय जमिनीला चिकटल्यासारखे व्हायचे. ओढा, ढकला, विनवा, जागचे हलायचे नाहीत. एकदा असेच अर्धी सकाळ दारात उभे राहिले आणि शेवटी म्हणाले, "आलं बग आंथरूण."

सासूबाई तेव्हा उंबऱ्याबाहेर रांगोळी घालत होत्या. डोळे पुसत त्यांनी चिमूट सोडली, तेवढ्यात मामंजी पुढे कलले. त्या ओरडल्या, "अवो, रांगोळीवर पाय पडंल!" आणि मामंजींनी पाय चांगला वर उचलला, रेघ ओलांडली आणि अंगणात जाऊन उभे राहिले. रांगोळी तुडवायची नाही, हे लहानपणापासून अंगात भिनलेलं. सासूबाई बघतच राहिल्या. मग म्हणाल्या, "मागं या. परत करून दावा बगू."

तेव्हापासून आमच्या घरात कुठंही रांगोळी. खाटेपासून दारापर्यंत, मोरीपाशी, तुळशीपाशी, आडव्या पांढऱ्या रेघा. शेजारणी हसायच्या, "तुमच्यात रोजच दिवाळी व्हय?" सासूबाई म्हणायच्या, "व्हय की, माजा नवरा चालतोय." वर्षांमागून वर्षं गेली. ज्यांनी मामंजींचे दिवस मोजले होते, त्यांतले कितीतरी आधी गेले. मामंजी मात्र रेघा ओलांडत रोज संध्याकाळी बोळाच्या तोंडापर्यंत जाऊन येत.

आणि मग सासूबाईच तापानं चार दिवसांत गेल्या. त्यांच्याकडे कुणाचं लक्षच नव्हतं. सगळ्यांनी जीव मुठीत धरला होता तो मामंजींसाठी.

तिरडी उचलली. मामंजी उठले आणि उंबऱ्याशी येऊन थांबले. मयताच्या घरी रांगोळी कोण घालणार? दार कोरंच होतं. ह्यांनी काखेत हात घालून उचलायला बघितलं, तसे मामंजी आणखीच ताठ झाले. "आण्णा, तुमी घरीच ऱ्हावा," हे म्हणाले. मामंजींचा आवाज आधीच बारीक, त्यात रडणं. "तिला पोचवायचं हाय मला," एवढंच पुन्हा पुन्हा म्हणत होते.

मी आत गेले आणि रांगोळीचा डबा घेऊन आले. "अगं, अवदसा आठवली काय? सुतकात रांगोळी?" चुलतसासूबाई किंचाळल्या. मी खाली बसून रेघ ओढली. चार माणसांत मामंजींशी मी कधी तोंड उघडलं नव्हतं. त्या दिवशी मोठ्यानं म्हणाले, "मामंजी, उचला पाय."

त्यांनी उचलला. मग मी पुढे आणि ते मागे. पायरीशी रेघ, गटारीशी रेघ, वळणावर रेघ. माणसं तिरडी खांद्यावर घेऊन थांबली होती. बोळाच्या तोंडाशी मला थांबावं लागलं, बायका त्यापुढे जात नसत. शेवटची रेघ ओलांडून मामंजी क्षणभर माझ्यापाशी थांबले. चेहरा तसाच, दगडासारखा.

"सूनबाई," ते म्हणाले, "तिच्यापेक्षा लई वाकडी काढतीस की."

मी तिथंच, भर रस्त्यात, डबा हातात धरून रडायला लागले.