लोरेनाच्या मावशीच्या परसातला नारळ

हे मी सांगायचं नव्हतं. मम्मीने परतीच्या विमानातच बजावलं होतं, "तेजू, बाकी सगळं सांग, पण त्या परसात नारळाचं खरं काय झालं, ते कोणाला बोलायचं नाही." मी तशीही कोणाशी फार बोलत नाही, त्यामुळे तिला काळजी नव्हती. पण लिहायचं नाही, असं ती म्हणाली नव्हती!

आम्ही अमेरिकेत काकांकडे तीन आठवडे राहिलो. धरणगावला परतल्यावर घरात जे किस्से सांगितले जातात, ते मात्र सगळे वाळवंटातल्या त्या दीड तासाच्या जीपच्या टूरचे. बाकीचे वीस दिवस कुठे गेले कोण जाणे! पाहुणा आला की चहाबरोबर एक किस्सा मिळतो, आणि पाहुणा निघेपर्यंत तो किस्सा थोडा वाढलेला असतो. मी तिथे होते, म्हणून मला मूळ माप माहीत आहे.

आत्ता मी आमच्या गावच्या भिकन आबांच्या शेताच्या बांधावर बसले आहे. समोर बोअरची गाडी धडधडते आहे. तिकडे बघण्यापेक्षा वहीत बघणं सोपं आहे.

*

आधी नानांचं सांगायला हवं. नाना म्हणजे माझे आजोबा. ते पाणी बघतात. सोललेला, शेंडीचा नारळ तळहातावर आडवा ठेवून शेतातून चालतात. नारळ जिथे आपोआप उभा राहील तिथे बोअर घ्यायचा. आमच्याकडे अनेक बोअर नानांनीच दाखवलेले आहेत.

पण मागच्या वर्षी लागोपाठ दोन कोरडे गेले. लोक तोंडावर काही म्हणाले नाहीत, फक्त बोलावणं बंद झालं. नानांनी नारळ हातात घेणं सोडलं. अमेरिकेला जायच्या आदल्या दिवशी एवढंच म्हणाले, "तठे कोनी आपल्याले वळखत नही. तठे एकदाव दखस. नारळ उठना तं ठीक, नही तं बठ्ठं बंद." म्हणजे तिथे एकदा बघायचं, नारळ उठला नाही तर सगळं बंद.

काकांनी तिकडच्या दुकानातून नारळ आणला. गुळगुळीत, प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला आणि वर स्टिकर! नानांनी तो फिरवून फिरवून बघितला आणि म्हणाले, "हाई नारळ शे का बल्ब?"

शेंडीवाला नारळ मिळेपर्यंत काका चार दुकानं फिरले.

*

टूर नवाहो या तिथल्या मूळ आदिवासी लोकांच्या जमिनीवर होती. तिथे बाहेरच्यांना एकट्याने फिरू देत नाहीत, त्यांचाच गाईड बरोबर लागतो. काका ऑफिसच्या कॉलमुळे पार्किंगमध्येच थांबले. मम्मीला इंग्रजी कळतं, पण बोलायचं म्हटलं की ती माझ्याकडे बघते. म्हणून दुभाषी मी!

जीपमध्ये बसण्याआधी एका फॉर्मवर सह्या करायच्या होत्या. नाना न वाचता सही करत नाहीत. मी हळू आवाजात सांगितलं, "नाना, यात लिहिलंय की रस्ता खराब आहे, गाडी उलटली, आपल्याला काही झालं, तर त्यांची जबाबदारी नाही."

नानांनी लगेच सही ठोकली. म्हणाले, "आपली एस्टी बी अशीच शे. हे लोक निदान लिखी तरी देतस!"

*

आमच्या गाईडचं नाव लोरेना. मम्मीच्याच वयाची, लांब वेणी, निळ्या खड्याचे मोठे कानातले. ती हसायची नाही. तिचे विनोद दोन मिनिटांनी कळायचे.

जीपमध्ये आमच्याबरोबर डॅलसचं एक जोडपं होतं. सगळे बसल्यावर लोरेनाने ओळख करून दिली. नवाहो माणूस आधी कुळं सांगतो: आईचं, वडिलांचं, मग आईच्या वडिलांचं, मग वडिलांच्या वडिलांचं. तिच्या आईचं कूळ होतं 'कडू पाणी'.

मी हे सांगितल्यावर नाना जागेवरून उठलेच! "मामाकूळबी सांगस? हाई तं आपलीच पोर शे! आणि पाण्याच्या कुळातली! सांग तिले आपलं."

मग मी नानांचं कूळ सांगितलं, त्यांच्या आईचं पिंपळनेरचं माहेर सांगितलं, आजीचं सांगितलं, मम्मीचं सांगितलं. लोरेनाने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि अधूनमधून प्रश्नही विचारले. वीस मिनिटं गेली. गाडी अजून पार्किंगमध्येच!

मग नाना डॅलसवाल्यांकडे वळले. "यास्नं मूळ गाव कोनतं?"

ते म्हणाले, "डॅलस."

"त्याच्या आधी?"

मला वाटलं, लोरेना आता नानांना आवरेल. ती गंभीर चेहऱ्याने त्या बाईंना म्हणाली, "ते बरोबर विचारतायत. आम्ही थांबतो."

त्या बाईंनी खरंच फोन काढला आणि आईला विचारलं, "मम्मा, तुझी आजी कुठली?"

*

तिथे लाल खडकांचे उंचच उंच डोंगर आहेत. प्रत्येकाला नाव आहे. हा हत्ती, हा उंट, या तीन बहिणी. लोरेना थांबायची, दाखवायची, आणि सगळे "ओह!" म्हणायचे. नाना म्हणायचे, "कपाशी येवाव नही."

एका खडकाला नाव नव्हतं. लोरेना म्हणाली, "तुम्हाला काय दिसतं, सांगा."

तेवढ्यात मम्मी, जी दिवसभरात एक अक्षर बोलली नव्हती, एकदम म्हणाली, "भरताचं वांगं!"

मी लाजून भाषांतर केलं. लोरेनाने मान तिरकी करून खडकाकडे बराच वेळ बघितलं. देठसुद्धा होता.

परतताना आमच्याच कंपनीची दुसरी जीप त्याच खडकापाशी उभी होती. त्यांचा गाईड सांगत होता, "आणि हे आमचं प्रसिद्ध वांगं."

सगळे म्हणाले, "ओह!"

*

टूरच्या मध्यावर लोरेनाच्या मावशीच्या घरी थांबा होता. मावशी चुलीवर, मोठ्या कढईत, त्यांची तळलेली भाकरी करत होती. पुरीसारखीच, फक्त ताटाएवढी. मम्मीने तुकडा खाल्ला, पर्समधून मिरचीच्या ठेच्याची डबी काढली आणि मावशीपुढे धरली.

मी घाईघाईने लोरेनाला सांगितलं, "खूप तिखट आहे, त्यांना सांगा."

मावशीने बोटभर ठेचा भाकरीला लावला आणि खाल्ला. चेहऱ्यावरची रेषसुद्धा हलली नाही. डोळ्यांतून मात्र पाणी वाहत होतं. मग तिने डबी उचलली आणि शांतपणे आपल्या एप्रनच्या खिशात टाकली.

मम्मी आजही म्हणते, "बाई चांगल्या घरची होती."

*

आता ते, जे सांगायचं नाही.

मावशीच्या घरामागे मोकळं परस होतं. सगळी वाळू. नानांनी पिशवीतून नारळ काढला. लोरेनाने विचारलं, "जेवण?" मी म्हटलं, "नाही, पाणी." यावर तिने काहीच विचारलं नाही. पाणी म्हटल्यावर तिथे कोणी हसत नाही.

नाना हळूहळू चालू लागले. वर्षभरात मी त्यांना असं चालताना पाहिलं नव्हतं. डॅलसवाले मोबाईल काढायलाही विसरले. घराच्या कोपऱ्यापासून दहा-बारा पावलांवर नाना थांबले, आणि नारळ उठला! तळहातावर, सरळ उभा!

"आठे पानी शे," नाना म्हणाले. त्यांचा आवाज बदललेला होता. "सांग तिले."

मी सांगितलं. लोरेनाने नानांच्या पायांकडे बघितलं. हे लोक बोटाने दाखवत नाहीत, ओठ पुढे काढून दाखवतात. तिने तसेच ओठ काढून जमिनीकडे दाखवलं आणि माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "बरोबर आहे. तिथे आमची पुरलेली टाकी आहे. मंगळवारी टँकरने भरली."

नाना माझ्याकडे बघत होते. "काय म्हननी?"

मी आयुष्यात कधी खोटं बोलले नव्हते, कारण खोटं बोलायला आधी बोलावं लागतं. मी म्हटलं, "नाना, ती म्हणते, बरोबर आहे. तिथे पाणी आहे."

लोरेनाने माझ्याकडे बघितलं, मग नानांकडे. मग तिने नानांचा हात हातात घेतला. मम्मी मला खेटूनच उभी होती, आणि तिला इंग्रजी कळतं, हे मी वर लिहिलंच आहे. ती हातातल्या भाकरीकडे बघत राहिली.

*

त्यानंतर काय झालं, ते साऱ्या धरणगावला माहीत आहे. नानांनी अमेरिकेच्या वाळवंटात पाणी दाखवलं! बोलावणी परत सुरू झाली. पहिलं बोलावणं भिकन आबांचं. नानांनी काल इथे नारळ फिरवला, जागा दाखवली आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "कोरडा गया तं नारळ कायमना देवले." म्हणजे पुन्हा कधी पाणी बघणार नाहीत.

सकाळपासून नुसती पांढरी धूळ उडते आहे. लोक आधी गाडीच्या भोवती होते, मग निंबाखाली गेले, आता काही घरी गेले आहेत. नाना माझ्या शेजारी बसून शेंगा खात आहेत.

मघाशी मला राहवलं नाही. मी म्हटलं, "नाना, मी खोटं सांगितलं होतं. तिथे टाकी होती."

नानांनी एक शेंग फोडली. "माले माहीत शे."

"कधीपासून?"

"पाय ठेवा तधळपासून. लोखंडनं झाकन व्हतं, उन्हात तापेल. चप्पल चिकटी गयी."

"मग बोलला का नाहीत?"

"तू इतली लाजाळू, तरी इतकं चांगलं खोटं बोलनी. मी म्हटलं, पोरनं मन मोडाले नको."

"पण मग इथे कशाला दाखवलंत? सगळ्यांसमोर?"

नानांनी मांडीवरची टरफलं झटकली. म्हणाले, "झाकन पायले नंतर लागनं, माय. नारळ आधी उठना."

आणि त्यांनी लोरेनासारखे ओठ पुढे काढून गाडीकडे दाखवलं. गाडीचा आवाज बदलल्यासारखा वाटतो आहे. निंबाखालचे लोक उठले आहेत. भिकन आबा हात हलवत इकडेच पळत येत आहेत आणि ओरडत आहेत, "तेजूऽ! वही ठेव! नानाले धरी आन, लवकर!"

आबांच्या धोतरावर काहीतरी उडालं आहे, पण तो चिखल आहे की नुसती धूळ, ते मला इथून नीट दिस—