बेटावरच्या कॉलेजातली लाल वही

ती चौकशी आठवली की आजही माझी कानशिलं गरम होतात. नोकरीत मी दरोडे उघडकीला आणले, खुनाचे दोन गुन्हे शाबीत केले, त्याबद्दल बक्षिसंही मिळाली. पण लोकांनी आठवण सांगा म्हटलं की मला ही एकच सांगावीशी वाटते, आणि तीत मी काही शहाणा ठरलेलो नाही.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी सटाण्याला फौजदार होतो. एका सकाळी टपालात नाशिकच्या अधीक्षक कार्यालयाचं पाकीट आलं. आत एक निनावी अर्ज, वर साहेबांचा शेरा: 'चौकशी करून अहवाल द्यावा'. अर्जातला मजकूर असा की नामपूरच्या धर्मादाय दवाखान्यात एक तरुण बाई डॉक्टर म्हणून बसते. तिची पदवी परदेशातल्या कुठल्याशा बेटावरची आहे, असं कॉलेज जगात नाही, ही बोगस डॉक्टर लोकांच्या जिवाशी खेळते. शेवटी तिच्या जातीवरून एक घाणेरडं वाक्य होतं. ते मी इथे लिहीत नाही. ते वाक्य वाचूनच अर्जदार कोणत्या लायकीचा आहे हे मला कळायला हवं होतं. मी मात्र ते ओलांडून पुढे गेलो.

मी तपास सुरू केला तो असा. दवाखान्यातून तिच्या कागदांच्या नकला मागवल्या. प्रवेशाचं पत्र एका बेटावरचं, पदवी दुसऱ्याच बेटावरची. दोन बेटं, दोन वेगळे देश, कॉलेजचं नाव मात्र एकच. शेजारच्या हायस्कुलातून भूगोलाचा मोठा नकाशा आणवला, टेबलावर पसरला आणि भिंग घेऊन बसलो. कागदांवर लिहिलेलं वेस्ट इंडीज सापडलं, पण बेटांची ती दोन नावं काही सापडेनात.

"हे बघा," मी हवालदाराला म्हणालो, "बेटच नाही, तर कॉलेज कुठून येणार?"

आमचा हवालदार बागलाणातलाच, पिकलेला माणूस. मिशीवरून हात फिरवत तो अहिराणीत म्हणाला, "साहेब, या नकाशामा मनं गाव बी नही शे. मंग मी बी बोगस शे का?"

ठाण्यात सगळे हसले. मीही हसलो आणि त्याच दिवशी प्राथमिक अहवाल लिहून मोकळा झालो: 'सकृद्दर्शनी पदवी बनावट असल्याचे दिसून येते.' एक प्रत अधीक्षक कार्यालयाला, एक मुंबईला मेडिकल कौन्सिलला. दोन पत्त्यांची चूक बनावट कागद करणारेच करतात, असा माझा अनुभव होता. माणसाला अनुभवाची घमेंड फार लवकर चढते.

चौथ्या दिवशी नामपूरला गेलो. बाईमाणसाला जबाबासाठी ठाण्यात बोलवायचं नाही, तिच्या घरीच जायचं, असा कायदा आहे. बाजाराचा दिवस होता. कांद्याच्या ट्रॅक्टरांमधून आमची जीप मुंगीच्या पावलानं चालली होती. एवढ्यात एका हमालाने पाठीवरचं पोतं खाली टाकलं आणि तो जीपला आडवा उभा राहिला.

"मनी पोरले तिनी वाचाडं," तो म्हणाला. "आनि तुम्ही तिलेच घर बसाडं!"

तेव्हा कळलं की माझी चौकशी सुरू झाली म्हटल्यावर दवाखान्याच्या मोठ्या डॉक्टरांनी तिला घरी थांबायला सांगितलं होतं. तसं ती स्वतः औषध लिहून देतच नव्हती. नोंदणी व्हायची होती म्हणून प्रत्येक कागदावर मोठ्या डॉक्टरांचीच सही असे. हे मी आधीच विचारायला हवं होतं, तेही राहिलं होतं.

घर दोन खोल्यांचं, झाडून लखलखीत. भिंतीवर बुद्धाची तसबीर. वडील निवृत्त प्राथमिक शिक्षक. त्यांनी "जय भीम, बसा" म्हटलं, पाणी दिलं, आणि मग कोपऱ्यातल्या खुर्चीत ताठ बसून राहिले. पूर्ण वेळ त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

ती समोर बसली. वय अठ्ठावीस-एकोणतीस. साधी सुती साडी, केसांची घट्ट वेणी. घाबरलेली होती, पण नजर पडली नव्हती.

"बाई, खरं सांगा. ही पदवी कितीला घेतली?" मी पहिलाच वार केला. समोरच्याचा तोल जावा म्हणून आम्ही असं विचारतो.

"पाच वर्षांना," ती म्हणाली.

"प्रवेश एका बेटावर, पदवी दुसऱ्या बेटावर. हे कसं?"

"कॉलेज हललं, साहेब."

"कॉलेज काय बैलगाडी आहे हलायला?"

"बोटीतून हललं," ती म्हणाली. "मी होते त्या बोटीत."

मी हवालदाराला खूण केली, तो लिहू लागला. तिनं जे सांगितलं ते आधी मला गोष्टीसारखं वाटलं. इथे थोड्या मार्कांनी तिचं मेडिकल हुकलं. तिचे मामा अमेरिकेत एका दवाखान्याच्या प्रयोगशाळेत नोकरीला. त्यांनी या नव्या कॉलेजची जाहिरात पाहिली. शरीरशास्त्राच्या एका निवृत्त प्राध्यापकाने चार सोबती घेऊन ते काढलेलं. त्याचं म्हणणं असं की दरवर्षी हजारो चांगली पोरं दारातून परत जातात आणि दुसरीकडे गावंच्या गावं डॉक्टरविना राहतात. आपण एक दार उघडू. त्या छोट्या बेटाच्या सरकारने त्याला बंद पडलेलं एक हॉटेल दिलं. जेवणाच्या दालनात तास, दारूच्या काउंटरवर सूक्ष्मदर्शकं मांडलेली, आणि जिथे पूर्वी लोक नाचायचे तिथे शवविच्छेदनाची टेबलं.

"विद्यार्थी कोण?" मी विचारलं.

"कुणी पंधरा वर्षं काम केलेली नर्स, कुणी टॅक्सी चालवून आलेला, कुणी फौजेतून सुटलेला. सगळे कुठून ना कुठून नाकारलेले. बाहेर लोक आम्हाला हसायचे. म्हणायचे, पळपुट्यांचं कॉलेज."

"मग?"

"मग वादळ आलं. एका दिवसात छप्पर गेलं. आम्हाला वाटलं, संपलं सगळं, चला आता गावाला. आमचे प्राध्यापक सर भिजलेल्या पायरीवर बसले होते. ते म्हणाले, छप्पर गेलं आहे, कॉलेज इथे बसलेलं आहे. शेजारच्या बेटाच्या सरकारने साखरेचं जुनं गोदाम दिलं. आम्ही मासेमारीच्या होड्यांतून गेलो. प्रत्येकाच्या मांडीवर एकेक सूक्ष्मदर्शक. पाणी आत येत होतं, कुणी आपलं सोडलं नाही. आठवड्याभरात तास सुरू झाले."

हे सांगताना तिचा चेहरा उजळला होता. आरोपीचा चेहरा मी आयुष्यभर वाचत आलो. खोटं बोलणारा सांगताना सारखा तुमच्याकडे बघतो, पटतंय की नाही ते. ही त्या होडीत जाऊन बसली होती. मनात पहिल्यांदा पाल चुकचुकली. तरी वरकरणी म्हणालो, "गोष्ट छान आहे. पुरावा?"

ती उठली आणि आतून एक जाड, फुगलेली वही घेऊन आली. पुठ्ठा लाल, कोपरे कुरतडलेले.

"ही शनिवारची वही. तिथे प्रत्येकाला ठेवावी लागते. आठवड्यात आपण केलेली एक चूक तीत लिहायची, आणि शनिवारी सगळ्यांसमोर उभं राहून वाचायची. आधी सर वाचायचे, मग आम्ही. शेजारच्याने खाली सही करायची."

"आणि चूक झालीच नसेल तर?"

"सर म्हणायचे, चूक नाही म्हणजे आठवडाभर काम केलं नाही."

वही मी पंचनामा करून ताब्यात घेतली. दुसऱ्या दिवशी दुपारी ठाण्यात निवांत उघडली. माझं इंग्रजी शाळेतलं, पण तेवढं पुरलं.

इथे माझ्या धंद्यातलं एक गुपित सांगतो. एका बैठकीत लिहिलेली डायरी मला वासावरून ओळखू येते, कारण तशा मीही लिहिल्या आहेत. साहेबांची तपासणी आली की आठवड्याच्या केस डायऱ्या आम्ही एका दुपारी उरकायचो. एकच शाई, एकच वळण, आणि सगळ्यात पक्की खूण म्हणजे लिहिणाऱ्याचं सगळंच बरोबर असतं. फौजदार वेळेवर पोहोचलेला असतो, पंच हजर असतात, आरोपी आपणहून कबूल होतो.

या वहीत शाई दहा प्रकारची. मधली पानं खाऱ्या पाण्यानं ताठलेली. सह्या निरनिराळ्या माणसांच्या. आणि मजकूर? 'आज एका बाईंना पोटदुखी म्हणून परत पाठवलं. दुखणं हृदयाचं होतं. सिस्टरने ओळखलं, मी नाही.' पुढे: 'रोगी इंग्रजी नीट बोलत नव्हता. मी कंटाळून अर्ध्यात प्रश्न थांबवले. मलाही इथे कुणी तसंच वागवलं होतं, तरी मी तेच केलं.' एका पानावर शेजारी म्हणून सही सरांची, आणि समासात त्यांच्याच अक्षरात त्यांची नोंद: 'आज मी एका विद्यार्थ्याला सर्वांदेखत मूर्ख म्हणालो. त्याचा प्रश्न बरोबर होता.'

मी वही मिटली. पाच वर्षं, दर शनिवारी, स्वतःच्या हाताने स्वतःची फजिती. बनावट कागद करणारा माणूस पदवी करेल, शिक्का करेल, सही करेल. स्वतःच्या अडीचशे चुका कोण बनवून ठेवेल हो? त्याच क्षणी मला समजलं की बाई खरी आहे आणि मुंबईला गेलेला माझा कागद खोटा आहे.

पण पोलिसाला मनात समजून चालत नाही. कॉलेजला रीतसर पत्र धाडलं. उत्तर यायला तीन महिने लागले. तोवर बाई घरीच. मी मध्येच मोठ्या डॉक्टरांना जाऊन सांगितलं, पण ते घाबरट, कागद दाखवा म्हणाले. तेवढ्या दिवसांत निनावी अर्जदारही हाती लागला. अर्जाच्या कागदाचा वरचा भाग फाडलेला होता. तसेच कागद, औषध कंपनीच्या फुकटच्या पॅडचे, गावात वीस वर्षं सुया टोचत बसलेल्या एका बहाद्दराच्या टेबलावर मिळाले. त्याच्याकडे तर कुठलीच पदवी नव्हती. चोराच्या उलट्या बोंबा, दुसरं काय! त्याच्यावर रीतसर गुन्हा दाखल केला.

अखेर उत्तर आलं. प्रवेश, स्थलांतर, प्रत्येक वर्षाची परीक्षा, सगळं जुळलं. मी फाइल घेऊन नाशिकला उपअधीक्षक साहेबांकडे गेलो.

साहेब चांगले होते, मला जपायचे. म्हणाले, "एवढं मनाला लावून घेऊ नकोस. 'पुरावा मिळून आला नाही' असं लिही आणि फाइल बंद कर. तिचंही भागलं, तुझंही."

मी सॅल्यूट ठोकून बाहेर आलो. बाहेर व्हरांड्यात बराच वेळ उभा होतो. 'पुरावा मिळून आला नाही' म्हणजे काय, हे कौन्सिलच्या कारकुनाला बरोबर कळतं. म्हणजे संशय आहे, सापडलं नाही इतकंच. माझा 'बनावट' शब्द तिच्या फाइलीत तसाच राहिला असता आणि तिची नोंदणी जन्मभर लोंबकळली असती. आणि दुसरं काही लिहावं, तर मी नकाशा बघून माणसाला बोगस ठरवलं हे माझ्याच सहीनिशी वरपर्यंत जाणार. खोटं कशाला सांगू, मोह झाला. बढतीची यादी लागणार होती, घरात दोन मुलं होती. पण डोळ्यांपुढून ते पान हलेना: सिस्टरने ओळखलं, मी नाही.

सटाण्याला परत येऊन लिहिलं: 'माझा यापूर्वीचा अहवाल चुकीचा आहे. कॉलेज अस्तित्वात आहे काय याची खातरजमा न करता, केवळ शाळेच्या नकाशावरून मी मत बनवले. सदर पदवी खरी आहे. अर्जदार स्वतः विनापरवाना व्यवसाय करणारा आहे. या चुकीमुळे सदर डॉक्टरांना झालेल्या त्रासास मी जबाबदार आहे.' प्रत कौन्सिलला. हवालदाराने वाचलं आणि पाकिटाला डिंक लावला.

माझ्या गोपनीय अहवालात शेरा पडला, 'घाईने निष्कर्ष काढतो'. बढती दोन वर्षं लांबली. शेरा खरा होता, तक्रार कसली करायची?

पुढच्या काही महिन्यांत तिची नोंदणी झाली. बापलेक दोघं ठाण्यात आले, ती वही परत न्यायला. मी मुद्देमालातून ती काढून दिली, पावती केली. मग मास्तर उभे राहिले. त्या दिवशी माझ्याकडे न बघणारे मास्तर आता सरळ माझ्याकडे बघत म्हणाले, "साहेब, कौन्सिलमध्ये तुमचं पत्र मला वाचायला दिलं. मी चाळीस वर्षं पोरांच्या वह्या तपासल्या. लाल शाई कायम माझ्या हातात होती. एकदाही ती माझ्या स्वतःच्या नावापुढे लागली नाही." लेकीनं त्यांचा हात धरला.

"तुमच्या सरांना लिहाल कधी पत्र," मी तिला म्हणालो, "तर एका फौजदाराचा नमस्कार कळवा."

"सर गेले, साहेब. मागच्या वर्षी." तिनं वही पिशवीत ठेवली. "पण त्यांना आवडला असता तुमचा अहवाल. त्यांनी तो शनिवारी वाचायला लावला असता."

एवढ्या लांबच्या, कधी न पाहिलेल्या, गोदामात भरणाऱ्या त्या कॉलेजबद्दल मला जो आदर वाटतो, तो मोठमोठ्या दगडी इमारती पाहूनही कधी वाटला नाही. नाकारलेली माणसं गोळा करून त्या म्हाताऱ्या प्राध्यापकाने त्यांना डॉक्टर केलं, आणि जाता जाता सटाण्याच्या एका फौजदारालाही शिकवलं. मी काय शिकलो, ते थोडक्यात सांगतो. आमची एक ओळ एखाद्याच्या फाइलीत जाऊन बसते आणि आम्ही पुढच्या गुन्ह्याकडे वळतो. तो माणूस मात्र त्या ओळीखाली जन्मभर जगतो. ती ओळ चुकली असेल, तर ज्याने लिहिली त्यानेच स्वतःच्या सहीनिशी ती खोडली पाहिजे. दुसरं कुणी खोडून चालत नाही.